फुंकर मारून चालत नसतंय!

माझ्या जुन्या गेमबॉयची कॅसेट खालच्या काकांच्या फुंकरीनं चाललेली नाही. परत लिहितो, फुंकरीनं चाललेली नाही. काढून पुन्हा घातली म्हणून चालली. काल दुपारपासून हे मी घरात सांगितलंय, जिन्यात सांगितलंय, गल्लीच्या तोंडाला सांगितलंय आणि आज सकाळी दूध आणायला गेलो तिथंही सांगितलंय. ऐकून सगळे एकच करतात. मान हलवतात आणि गालातल्या गालात हसतात. दूधवाला तर म्हणाला, "खरं काकांनीच चालू केली म्हणं की." आमच्या बेळगावात गावभर गेली बातमी! रविवारी दुपारी तीनला घडलेली गोष्ट सोमवारी सकाळी सहाला दूधवाल्याला माहीत!

झालं ते असं. जेवणं झालेली, टेबलावर जुना पेपर अंथरलेला, पेपरावर माझा गेमबॉय, निन्टेन्डो कंपनीचा, हातात धरून व्हिडिओ गेम खेळायचा. पहिला, करडा, विटेसारखा जाड. १९९४ साली मामानं मस्कतहून येताना आणलेला. सोबत टेट्रिसची, म्हणजे पडणारे ठोकळे रचायच्या गेमची, कॅसेट. (कार्ट्रिज म्हणा हवं तर. आम्ही कॅसेट म्हणत आलोय आणि तेच म्हणणार.) तीन आठवडे मी या कॅसेटच्या मागं आहे. स्विच ऑन केला की वरनं एक काळी पट्टी सावकाश खाली उतरते, पडद्याच्या मधोमध येऊन थांबते, 'टिंग' करते आणि बसते. त्या टिंगचा मला मनस्वी राग आहे. चालायचं नसेल तर गप राहावं माणसानं. टिंग करून सगळं ठीक असल्यासारखं दाखवायचं आणि पुढं काहीच करायचं नाही, ही कुठली पद्धत? असल्या काउंटरांवर मी आयुष्यात पुष्कळ उभा राहिलोय. नंबर पुकारतात, पुढं गेलं की कन्नडात "सर्व्हर डाउन इद री", सर्व्हर बंद आहे हो.

तर काल मी कापसाच्या काडीनं शेवटचा हात फिरवून पिना वाळायला ठेवल्या होत्या. आयपीए, म्हणजे पुसायचं आयसोप्रोपिल अल्कोहोल, उडून जायला दोन मिनिटं द्यायची असतात, ती देत होतो. दोन मिनिटं! एवढ्यात जिन्यात चपला वाजल्या. खालचे काका. रविवारची पुरवणी न्यायला. आमची पुरवणी आम्ही वाचायच्या आधी ते वाचतात, शब्दकोडं पेनानं सोडवतात, तेही चुकीचं, आणि मंगळवारी परत देतात. हे सतरा वर्षं चाललंय. त्यावर मी कधी काही बोललो नाही. बोलायला हवं होतं.

"काय करुलालास रे?"

सांगितलं.

"हॅत तुझी. आण हिकडं. आमच्या पोराच्या टायमाला हेच व्हायचं. फुंकलं की सुरू."

मी म्हटलं, काका नको. म्हटलं, काका आत ओल जाते. म्हटलं, काका, तोंडात पान आहे तुमच्या! तोवर त्यांनी कॅसेट उचललेली. ती फिरवून तोंडासमोर धरली, बासरी धरावी तशी, डोळे मिटले आणि फूऽऽऽऽ. एकदा नाही, तीनदा. डावीकडनं उजवीकडं, उजवीकडनं डावीकडं आणि मग एक मधोमध, आशीर्वाद दिल्यासारखी. कॅसेटच्या खालच्या कडेला ३२ पिना असतात. त्या ३२ पिनांवर काकांच्या बत्तीशीतनं, त्यातले जे काही उरलेत त्यांच्यातनं, चुना, कात आणि सुपारी मिळून जे काय आलं ते मी डोळ्यानं बघितलं. सुपारीचा एक कण लेबलावर पडला. 'टेट्रिस'च्या पहिल्या टी वर. अजून आहे तिथं. पुरावा म्हणून ठेवलाय.

मग त्यांनी ती खपकन आत घातली, स्विच सरकवला. पट्टी नाही. अक्षरं उतरली, स्वच्छ, एकेक अक्षर वाचता येईल अशी. टिंग. आणि टेट्रिसचं गाणं सुरू.

पोरगी टाळ्या वाजवायला लागली. बायको आतनं म्हणाली, "झाली काय हो? बरं झालं, टेबल रिकामं करा आता." आई माझ्याकडं बघून म्हणाली, "तीन आठवडे काय करुलालास मग?" आणि काका उठले, पुरवणी काखेत घातली आणि दारात वळून म्हणाले, "इंजिनेरिंगला शिकवत न्हाईत हे."

इंजिनिअरिंगला काय शिकवतात ते सांगू काय? गेमबॉय चालू झाला की पहिल्यांदा कॅसेटमधनं ४८ बाइट वाचतो. त्यात कंपनीच्या नावाचं चित्र असतं. तेच पट्टीवरनं खाली उतरतं. टिंग झाल्यावर तो ते ४८ बाइट स्वतःजवळच्या नकलेशी ताडून बघतो. एक जरी बिट हुकला तरी तिथंच अडून बसतो. कॅसेट आहे की नाही हेच कळलं नाही तर सगळं काळं, म्हणून ती पट्टी. म्हणजे ३२ पिनांपैकी कामाच्या एखादीनं जरी नीट टेकायचं नाकारलं तरी खेळ खलास. आणि ती टेकते कधी? कॅसेट काढून पुन्हा घातली की. आत-बाहेर होताना पिना एकमेकींवर घासतात, वरचा मळ थोडा बाजूला होतो, नशिबानं जागा बरी मिळते. फुंकर असो नसो! काकांनी फुंकर न मारता घातली असती तरी चालली असती. मी घातली असती तरी चालली असती. माझी दोन मिनिटं संपायची होती हो! स्वच्छ मी केली, टेकवली त्यांनी, आणि नाव झालं थुंकीचं. खुद्द निन्टेन्डोनं सांगून ठेवलंय, फुंकू नका, श्वासातल्या ओलीनं पिना गंजतात. पण निन्टेन्डो आमच्या जिन्यात राहत नाही, काका राहतात.

आणि स्वच्छ करणं म्हणजे काय सोपं होतं होय? मेडिकलात गेलो, आयसोप्रोपिल अल्कोहोल मागितलं. त्यानं मला वरनं खालपर्यंत बघितलं. पिण्यासाठी मागतोय असं वाटलं बहुतेक. मग म्हणाला सॅनिटायझर घ्या, तेच असतंय. तेच नसतंय! त्यात ग्लिसरीन असतं, हात मऊ राहावेत म्हणून. माझ्या पिनांना हात नाहीत. चिकट थर बसतो नुसता. दुसऱ्यानं स्पिरिट दिलं, निळं. तिसरा म्हणाला "इल्ल री", नाही हो, आणि मोबाईलमध्ये तोंड घातलं. शेवटी खडेबाजारात मोबाईल दुरुस्तीचं सामान विकणाऱ्या एका पोरानं न विचारता "आयपीए काय? नव्व्याण्णव टक्के?" म्हणून बाटली काढली. त्या पोराचे पाय धरावेसे वाटले. येताना दुसऱ्या रेल्वे गेटात पंधरा मिनिटं अडकलो, तरी चिडलो नाही.

दुरुस्तीवाल्याचं मात्र सांगायलाच पाहिजे. नाव घेत नाही, गल्लीचंही घेत नाही, लागलेल्यांना कळेल. माझी दुसरी कॅसेट, सुपर मारिओ लँड, गेल्या पावसाळ्यात त्याच्याकडं नेली होती. "घासून देतो" म्हणाला. मला वाटलं खोडरबरानं हलकेच घासेल, तेवढं चालतं. संध्याकाळी कॅसेट हातात दिली तर पिना लखलखत होत्या. तांब्याच्या रंगानं. पॉलिश पेपर मारला होता! सुतार दाराला मारतो तो! पिनांवर सोन्याचा मुलामा असतो, तोही किती, नखाच्या टोकावर मावेल इतका, आणि तो कशाला असतो तर आपल्याकडच्या हवेत गंज धरू नये म्हणून. गेलं सोनं. वर साडेतीनशे रुपये घेतले आणि म्हणाला, "बघा कशी चमकतीय." आषाढातल्या बेळगावात उघडं तांबं! जिथं कपाटातल्या चपलेला बुरशी येते, पापड मऊ पडतात, मीठ भांड्यात दगड होतं, तिथं उघडं तांबं! पंधरा दिवसांत तपकिरी झालं. मारिओ आता उडी मारायच्या आधीच मरतो.

आणि तो स्क्रू. कॅसेट उघडायची तर तिचा स्क्रू जगातल्या कुठल्याच पान्यानं निघत नाही. ३.८ मिलिमीटरचा खास बिट लागतो. मागवला. तो येईपर्यंत धीर नव्हता म्हणून बॉलपेनचा दांडा मेणबत्तीवर मऊ करून स्क्रूवर दाबला, गार होऊ दिला आणि फिरवला. चालतं हे, मी केलंय. बायकोचं चांगलं पेन होतं. तो वेगळा विषय.

इथं मात्र मला एक कबूल करावं लागेल. कॅसेट उघडली, भिंग लावून बघितलं, तर पिनांच्या मुळाशी बारीक हिरवट ठिपके. आधी वाटलं, हवा. मग वाटलं, पाऊस. मग शांत बसून विचार केला की १९९४ पासून पुढं सहा वर्षं या कॅसेटच्या तोंडाला तोंड लावून बसायचं कोण? दिवसाला पाच फुंकरी धरा. पाच म्हणजे कमीच. दहा हजारांच्या वर जातात. शाळेतनं आलं की चिरमुरे खात खेळायला बसायचो, म्हणजे फुंकरीत नुसती ओल नाही, चिरमुऱ्याचं मीठसुद्धा. तीन आठवडे मी नव्व्याण्णव टक्के शुद्ध आयपीएनं जे पुसतोय ते माझंच आहे. काकांच्या तीन फुंकरींसाठी मी काल रात्री जेवलो नाही, आणि माझ्या दहा हजारांचा हिशेब कोणी विचारला नाही. दहा वर्षांचा मी आत्ता समोर आला तर कानाखाली लावेन. तो म्हणेल, चालायची की पण!

चालायची. हे खरंय.

असो, म्हणून काकांना सोडतो असं नाही.

सेलचंही तसंच. चार पेन्सिल सेल लागतात. मी नवे आणतो, डबीत ठेवतो, आणि चारच्या चार दोन दिवसांत रिमोटमध्ये, भिंतीवरच्या घड्याळात आणि पोरीच्या कुठल्यातरी बोलणाऱ्या सशात गेलेले असतात. त्या जागी घड्याळातले मेलेले सेल परत डबीत! नव्यांच्या शेजारी! ताकद कमी पडली की कॅसेट नीट वाचत नाही, आणि मी बसतो पिना घासत. मे महिन्यात एकानं पाणीही सोडलं, स्प्रिंगवर पांढरं फूल आलं. व्हिनेगरनं काढलं. घरभर वास. आई म्हणाली, लोणचं घालुलालास काय?

पुण्याचे भाऊजी वेगळेच. दिवाळीला आले, गेमबॉय बघितला आणि म्हणाले, "अरे, ॲप आहे ना, फुकट, हजार गेम्स." हजार गेम्स खेळून तुम्ही काय दिवे लावले? वर माझ्या "करुलालोय"ची नक्कल करून दाखवली, "किती गोड बोलता रे तुम्ही लोक." तुम्ही लोक! आम्ही १९५६ पासून इथं लोंबकळतोय, सुप्रीम कोर्टात २००४ पासून सीमाप्रश्नाचा दावा पडून आहे, एवढं सगळं सोसून मराठी बोलतोय, ते यांना गोड वाटायला. माझ्या कॅसेटचा निकाल त्या दाव्याच्या आधी लागू दे, एवढंच मागणं आहे. आणि फोनच्या काचेवर टेट्रिस खेळणाऱ्या माणसाशी मी गोडीविषयी बोलत नाही. बटण दाबलं की अंगठ्याला कळलं पाहिजे.

टेट्रिसमध्ये सेव्ह नाही, हेही भाऊजींना माहीत नाही. बंद केलं की रेकॉर्ड गेला. म्हणून आम्ही तिघं भावंडं पलंगामागच्या भिंतीवर पेन्सिलनं आकडे लिहायचो. २००९ ला धाकट्याच्या लग्नासाठी भिंत रंगवली. कुणी मला विचारलं? पिस्ता कलर!

हे सगळं लिहीत असताना मध्ये उठून बघितलं. काल रात्रीपासून हातही लावला नव्हता. स्विच सरकवला.

पट्टी. काळी. सावकाश खाली आली, मधोमध थांबली. टिंग.

बंद केला, कॅसेट काढली, घातली. टिंग. काढली, घातली, जरा डावीकडं दाबून. टिंग. सात वेळा. दार लावून घेतलं, इकडं तिकडं बघितलं आणि, कुणाला सांगू नका, हळूच एक फुंकर मारली. छोटी. पान न खाता.

टिंग.

बाहेर आलो तर आई गॅलरीत. खाली वाकून हाक मारतेय, "भावजी, जरा वर येऊन जाता काय? त्याचं ते परत बंद पडलंय बघा."

जिन्यात चपला वाजताहेत. आजचा पेपर मी उशीखाली सरकवलाय.