मल्हाररावांचं शेरबत आणि सॉल्सबरीची दारमूठ

आमच्या बडोद्याच्या मंडळाच्या ग्रुपवर गणपतीची वर्गणी, कोणाच्या नातवाचा बारावीचा निकाल आणि आला तसा पुढे ढकललेला मजकूर, एवढंच असतं. मागच्या पंधरवड्यात एकच लांबलचक मजकूर तीनदा आला. तिसऱ्यांदा टाकला तो दांडिया बझारातल्या काकांनी, खाली ‘विचार करण्यासारखं आहे’ असं लिहून. काका वाचणारे आहेत, म्हणून उत्तर लिहायला बसले.

मजकुराचं म्हणणं असं. देश सोडून गेलेल्या हेरांना आणि सरकारविरोधकांना विष घालून मारतात, ही लंडनने रचलेली गोष्ट आहे. का, तर एक: गुप्तहेर संस्थेला मारायचंच असेल तर ती सरळ गोळी घालेल, विषाचा खटाटोप कशाला? दोन: नोव्हिचोक हे विष एवढं जहाल, मग ज्याच्यावर ते घातलं तो रशियन हेर स्क्रिपल आणि त्याची मुलगी जगलीच कशी? तीन: बोट नेहमी रशियाकडेच. चार: बल्गेरियन लेखक मार्कोव्हला म्हणे एरंडीच्या बीतल्या विषाने मारलं, आपण पिढ्यान्‌पिढ्या एरंडेल पितो, कोण मेलं? आणि पाच, हे खास बडोदेकरांसाठी कोणीतरी मागून जोडलेलं दिसतं: इंग्रजांनी आपल्या मल्हारराव गायकवाड महाराजांवर असंच विषाचं किटाळ आणून त्यांची गादी काढून घेतली, आज तोच डाव पुन्हा.

एरंडेलाचं आधी उरकते. भारत जगात सर्वांत जास्त एरंडी पिकवतो आणि त्यातली बहुतेक गुजरातेत होते. लहानपणी आजी आलं घातलेल्या चहातून दिवेल (एरंडेलच) पाजताना नाक दाबून धरायची, ती चव अजून जिभेवर आहे. पण बीतलं ते विष, रायसिन, हे प्रथिन आहे, ते तेलात उतरत नाही. ते राहतं पेंडीत. इकडे ती पेंड शेतात खत म्हणून जाते. गुरांपुढे तशीच का टाकत नाहीत, ते पाद्रा तालुक्यातल्या कुठल्याही शेतकऱ्याला विचारा. गिओर्गी मार्कोव्ह हा बल्गेरियातून निघून लंडनला आलेला लेखक, रेडिओवरून तिथल्या राजवटीची सालं काढायचा. ७ सप्टेंबर १९७८ ला वॉटर्लू पुलापाशी बसची वाट पाहताना त्याच्या मांडीला काहीतरी टोचलं. ११ तारखेला तो गेला. मांडीतून निघाली टाचणीच्या डोक्याएवढी प्लॅटिनम-इरिडियमची गोळी, तिला दोन बारीक भोकं. विष प्रत्यक्ष हाती लागलं नाही, इतकं ते थोडं होतं. रायसिन हा निष्कर्ष लक्षणांवरून आणि डुकरावर केलेल्या चाचणीवरून काढलेला आहे, हे मान्य. गोळी मात्र निष्कर्ष नव्हती. काही दिवस आधी पॅरिसच्या मेट्रोत व्लादिमीर कोस्तोव्ह या दुसऱ्या बल्गेरियन परागंदा माणसाच्या पाठीत तशीच गोळी घुसली होती. मार्कोव्हची बातमी आल्यावर ती काढली. तो जगला.

दुसऱ्या मुद्द्याने मात्र मला राग आला. मी तीस वर्षं जिल्ह्यातल्या एका लहानशा रुग्णालयात नर्स होते. नोव्हिचोक आणि आपल्या कापसावर मारायचे ते मोनोक्रोटोफॉस, जहालपणात जमीन-अस्मानाचं अंतर, पण कुळी एकच. नसेकडून स्नायूला निरोप गेला की तो पुसून टाकणारं एक विकर शरीरात असतं, ही विषं तेच बंद पाडतात. निरोप पुसलाच जात नाही. माणूस आतून भिजत जातो: लाळ, घाम, डोळ्यांतून पाणी, फुप्फुसात पाणी. बाहुल्या टाचणीच्या टोकाएवढ्या होतात.

कर्जणकडचा एक मुलगा आठवतो, विशीचा असेल, कापसावरचं तसलंच औषध प्यालेला. बैलगाडीतून नव्हे, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत घालून आणला होता, आणि वासाने अख्खा वॉर्ड उठला. त्या रात्री आम्ही दोघींनी ॲट्रोपिन या उताऱ्याच्या शंभरावर काचेच्या कुप्या फोडल्या. अंगठ्याला चिरा पडल्या. किती द्यायचं याचं गणित पुस्तकात असतं, पण आम्ही दर थोड्या वेळाने त्याच्या काखेत हात घालून बघायचो. काख ओली आहे तोवर आणखी द्यायचं. पहाटे ती कोरडी पडली, तेव्हा तो चादरीचे धागे उपटत म्हशीला हाका मारत होता. ॲट्रोपिन जास्त चढलं की असंच होतं. तिसऱ्या दिवशी त्याला मान उचलता येईना, मग मोठ्या रुग्णालयात श्वासाच्या यंत्रावर. महिन्याभराने तो स्वतःच्या पायांनी येऊन पेढे देऊन गेला. मजकुराच्या हिशेबाने त्याने विष घेतलंच नव्हतं म्हणायचं.

सर्गेई स्क्रिपल हा रशियन लष्करी गुप्तचर खात्यातला कर्नल, ब्रिटनसाठी हेरगिरी केली म्हणून तुरुंगात गेला आणि २०१० साली हेरांच्या अदलाबदलीत ब्रिटनला आला. ४ मार्च २०१८ ला तो आणि मुलगी सॉल्सबरीत एका बाकावर बेशुद्ध सापडले. विष घराच्या दारमुठीला फासलेलं होतं. कातडीतून विष सावकाश भिनतं, तेवढ्यात दोघं गावात जाऊन जेवलीसुद्धा. मग श्वास चालू ठेवणारं यंत्र, औषधं आणि आठवडेच्या आठवडे अतिदक्षता विभाग. मुलगी एप्रिलमध्ये रुग्णालयातून बाहेर पडली, बाप मे महिन्यात. दारमुठीला हात लागून एक पोलीस अधिकारीही आजारी पडला, तोही वाचला. ‘मग मेलं कोण?’ असं मजकूर विचारतो. त्याच उन्हाळ्यात जवळच्या एम्सबरीतल्या एका माणसाला अत्तराची बाटली सापडली, ती त्याने मैत्रिणीला दिली आणि तिने मनगटावर फवारा मारला. बाटलीत तेच होतं. ती ८ जुलैला गेली. विष किती आणि कुठून आत जातं, यावर सगळं असतं. आमच्याकडे पहिल्या वर्षाच्या मुलींना हे शिकवतात.

(संशयित दोघांनी नंतर रशियन वाहिनीवर सांगितलं की आम्ही सॉल्सबरीला गेलो ते चर्चचा १२३ मीटर उंच मनोरा बघायला; पहिल्या दिवशी बर्फाच्या चिखलाने परत फिरलो, म्हणून दुसऱ्या दिवशी पुन्हा गेलो. आमचा लक्ष्मी विलास राजवाडा बघायला कोणी एवढी चिकाटी दाखवल्याचं ऐकिवात नाही.)

आता गोळीचा मुद्दा. काका, यात एक मेख आहे. गोळी घातली की खून झाला हे पोरालाही कळतं. विष घालतात ते खून झाला हेच कळू नये म्हणून. १२ ऑक्टोबर १९५७ ला म्युनिकमध्ये लेव्ह रेबेट हा परागंदा युक्रेनियन नेता कचेरीच्या जिन्यात मेला. हृदयविकार, असं ठरलं. दोन वर्षांनी म्युनिकमध्येच दुसरा युक्रेनियन नेता स्तेपान बांदेरा गेला. त्याच्या शवविच्छेदनात सायनाइड सापडलं, पण मारेकरी सापडला नाही. १९६१ च्या ऑगस्टमध्ये, बर्लिनची भिंत उभी राहायच्या आदल्या दिवशी, बोहदान स्ताशिन्स्की नावाचा तरुण बायकोसह पश्चिमेकडे आला आणि त्याने सांगितलं की दोघांनाही मी मारलं, तोंडावर सायनाइडचा फवारा सोडणाऱ्या नळीने. सोव्हिएत गुप्तहेर संस्थेच्या हुकमावरून. जर्मन कोर्टाने त्याला आठ वर्षं दिली. तो आला नसता तर रेबेट आजही हृदयविकाराच्याच खात्यात जमा असता. म्हणजे ‘खऱ्या संस्था असा गबाळेपणा करत नाहीत’ म्हणताना आपण फक्त फसलेल्या कामांवरून बोलत असतो. साधलेल्या कामांची बातमीच होत नाही.

रशियन गुप्तचर खात्यातून फुटून ब्रिटनला आलेल्या लिट्विनेन्कोचंही थोडक्यात हुकलं. १ नोव्हेंबर २००६ ला लंडनच्या हॉटेलात हिरव्या चहाचे काही घोट घेतले, २३ ला मेला. केस गळले म्हणून डॉक्टरांना आधी थॅलियमचा संशय. किरणोत्सर्गाची नेहमीची तपासणी केली तर काही दिसेना, कारण पोलोनियम-२१० चे अल्फा कण कागदसुद्धा भेदत नाहीत, शरीराबाहेर यायचं तर लांबच. ते ओळखता आलं मरण्याच्या जेमतेम काही तास आधी. धडधाकट माणूस, तीन आठवडे झुंजला म्हणून. पाचव्या दिवशी गेला असता तर कोणी काय लिहिलं असतं दाखल्यावर? आणि एकदा काय शोधायचं ते कळल्यावर चहाच्या किटलीपासून विमानाच्या खुर्च्यांपर्यंत माग सापडत गेला.

फक्त रशियाच का, याला दोन नावं पुरेत. १९९७ साली अम्मानमध्ये हमासच्या खालेद मशालच्या कानाशी इस्रायलच्या मोसादच्या माणसांनी विष सोडलं. दोघे पकडले गेले, जॉर्डनचा राजा हुसेन खवळला आणि इस्रायलला स्वतःच उतारा पाठवावा लागला. २०१७ साली क्वालालंपूर विमानतळावर उत्तर कोरियाच्या सत्ताधीशाच्या सावत्र भावाच्या तोंडाला दोन बायकांनी व्हीएक्स, नोव्हिचोकच्याच कुळीतलं विष, फासलं. आपण टीव्हीसाठी गंमत करतोय असं वाटलं होतं, म्हणाल्या.

राहिले मल्हारराव. इथे काकांचं दुखणं माझंही आहे. ९ नोव्हेंबर १८७४ ला रेसिडेंट, म्हणजे दरबारातला इंग्रज सरकारचा प्रतिनिधी, कर्नल फेअर सकाळी फिरून आला, पपनसाच्या शेरबताचे दोन-तीन घोट घेतले, बरं वाटेना म्हणून उरलेलं ओतून दिलं, मग पेल्याच्या तळाशी गाळ दिसला. त्यात सोमल आणि हिऱ्याची पूड निघाली, असं सांगण्यात आलं. हिरकणी खाऊन जीव जातो ही आपली जुनी समजूत, पण हिरा पोटात विरघळतच नाही. तेव्हा हे विष ज्याने योजलं त्याला रसायनशास्त्र कळत नव्हतं, एवढं नक्की. महाराजांवर साक्ष दिली ती रेसिडेन्सीच्या नोकरांनी आणि माफीचं वचन घेतलेल्या महाराजांच्या खासगी चिटणीस दामोदरपंतांनी. चौकशी मंडळात तीन इंग्रज आणि तीन हिंदी: ग्वाल्हेरचे जयाजीराव शिंदे, जयपूरचे महाराज आणि सर दिनकरराव. तीन इंग्रज म्हणाले दोषी, तिघा हिंदींना ते पटलं नाही. तरी एप्रिल १८७५ मध्ये गैरकारभाराचं कारण दाखवून गादीवरून उतरवलंच. मल्हाररावांचा कारभार चांगला होता असं मी म्हणत नाही, पण न्याय झाला असंही कोणी म्हणू नये. १८८२ साली मद्रासेत ते परागंदाच वारले.

म्हणून तर पुढचं नीट बघा. तेव्हा फिर्यादी सरकारचा, गाळ आधी तपासणारा रेसिडेन्सीचा डॉक्टर, पोलीस सरकारचे, मंडळ नेमणारंही सरकार. सॉल्सबरीपासून ब्रिटनची रासायनिक शस्त्रांचा अभ्यास करणारी पोर्टन डाउनची प्रयोगशाळा हाकेच्या अंतरावर आहे, म्हणून संशय घ्यायला जागा होती, मान्य. पण हेगच्या रासायनिक शस्त्रबंदी संस्थेने स्वतःचे निरीक्षक पाठवून नमुने घेतले आणि वेगवेगळ्या प्रयोगशाळांत तपासून घेतले. विष तेच निघालं. कोणी फासलं, हे त्या संस्थेने सांगितलेलं नाही, आणि रशिया प्रत्येक वेळी इन्कारच करत आला आहे.

आणि लिट्विनेन्कोच्या बाबतीत तर ब्रिटिश सरकारलाच ही भानगड नको होती. २०१३ साली सार्वजनिक चौकशीची मागणी आली तेव्हा सरकारने ती नाकारली, आणि परराष्ट्र संबंधांचाही विचार केला हे गृहमंत्र्यांनी कबूलही केलं. त्याची बायको मरीना हायकोर्टात गेली. २०१४ साली कोर्टाने सरकारला फेरविचार करायला लावलं, मग चौकशी बसली, २०१६ च्या जानेवारीत अहवाल आला, २०२१ साली स्ट्रासबर्गच्या मानवाधिकार न्यायालयाने रशियाला जबाबदार धरलं. त्या खटल्यावर नाव तिचं आहे, ब्रिटनचं नाही.