केसाचे पट्टे म्हणजे दोन फटींचा प्रयोग नव्हे

लेझरसमोर केस धरला की भिंतीवर पट्टे उमटतात. ‘केसाच्या दोन बाजू म्हणजेच यंगच्या दोन फटी’ असे सांगत हा प्रयोग सध्या फिरतो आहे. (शास्त्रज्ञ थॉमस यंगच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या प्रयोगात दोन जवळच्या फटींतून आलेला प्रकाश एकमेकांत मिसळून पट्टे बनतात.) पट्टे खरे आहेत, प्रकाशाचे तरंगरूपही त्यातून दिसते; स्पष्टीकरण मात्र चुकीचे आहे. हे एकाच अडथळ्याचे विवर्तन आहे, म्हणजे अडथळ्याच्या कडांपाशी प्रकाशाचे वळून पसरणे. केस 0.08 मिमी, लाल लेझर 650 नॅनोमीटर आणि भिंत 2 मीटरवर असेल, तर मध्यापासून सुमारे 16 मिमीवर अंधार पडतो. 0.08 मिमी अंतरावर दोन फटी असत्या, तर नेमका तिथेच उजेड हवा होता! (यंगने 1803 मध्ये सूर्यकिरणात दोन फटींऐवजी पातळ कार्ड धरले होते, गोंधळाचे मूळ बहुधा तेच.)

खऱ्या दोन फटींसाठी काच मेणबत्तीच्या काजळीने काळी करा, दाढीची दोन ब्लेड एकमेकांना चिकटवून धरा आणि एकदाच, हलक्या हाताने ओढा. अंतर साधारण 0.1 मिमी येते, म्हणजे त्याच लेझरचे पट्टे त्याच भिंतीवर 13 मिमी अंतराने. जोर दिला की ओरखडे एकमेकांत मिसळतात आणि एकच रुंद फट उरते. पडताळ्यासाठी तिसऱ्या ब्लेडची धार बाजूने सरकवत एक फट झाका: बारीक पट्टे गेले आणि रुंद झळाळी राहिली, तरच ते व्यतिकरण, म्हणजे दोन फटींतल्या प्रकाशतरंगांचे एकमेकांत मिसळणे.