शंभर ग्रॅम बाळंतशेपा

लग्नाला पाच महिने झालेली लेक पुण्याहून अमळनेरला माहेरपणाला आली, ती अ‍ॅस्परॅगसच्या सहा जुड्या घेऊन. "पप्पा, व्हिनेगरमध्ये लोणचं घालू, बाटल्या सीलबंद करून." मे महिना, पारा चव्वेचाळीसवर. या दिवसांत आमच्या गच्चीवर माणूस ठेवला तरी त्याचं लोणचं होतं.

आईनं एक कोंब नाकाशी धरला. "हाई काय शे? शतावरी का?" म्हातारी चुकली नव्हती, दोन्ही एकाच कुळातल्या. "मंग हाई बायंतीनले देतस ना?" इथंच मी सावध व्हायला हवं होतं.

किराणा दुकानातून व्हिनेगर आणलं. लेकीनं बाटली फिरवून बारीक अक्षरं वाचली. "चार टक्के? पाचच पाहिजे. अ‍ॅस्परॅगस मुळात आंबट नाही. आम्ल कमी पडलं तर बंद बाटलीत बोट्युलिझमचे, म्हणजे जीवघेण्या विषबाधेचे जंतू वाढतात, त्यांचे बीजाणू उकळत्या पाण्यानंही मरत नाहीत." भर उन्हात परत दुकानात.

"हे नको, पोरीला याहून आंबट पाहिजे," मी म्हणालो.

दुकानदार गालात हसला. पाच टक्क्यांची बाटली शोधून दिली, वर मूठभर चिंच. पैसे घेतले नाहीत. मला वाटलं, जुनं गिऱ्हाईक म्हणून.

तासाभरानं कळलं की मसाल्यात 'डिल सीड्स' लागतात. ते म्हणजे शेपूचं बी. म्हणजे बाळंतशेपा. तिसरी खेप.

"शंभर ग्रॅम बाळंतशेपा द्या."

त्याच्या हातातलं माप थांबलं. "घरमा कोन बायंतीन शे भो?"

"कोणी नाही हो. पोरगीच आलीये, तिला हवंय."

त्यानं भिंतीवरच्या कॅलेंडरकडे पाहिलं. मग बोटांवर काहीतरी मोजलं. मग पुन्हा मोजलं. पुडी बांधून देताना त्यानं माझ्या खांद्यावर हात ठेवला. असा हात मी फक्त मयतीला अनुभवला होता.

घरी वेगळाच छळ. कोंब वाकवला की जून भाग संपतो तिथं तो आपणहून कट्‌ मोडतो. जुड्यांचा बराचसा ऐवज अशा रीतीनं बकरीच्या टोपलीत गेला. उरलेले बाटलीच्या मापानं कापून, लसूण-मिरचीसकट उभे ठासले, वर अर्धा इंच जागा सोडून. निम्मं व्हिनेगर, निम्मं पाणी आणि मीठ एकत्र उकळायला ठेवलं, तशी त्या वाफेनं आम्ही तिघं घळाघळा रडू लागलो. खिडकी उघडी होती. गल्लीनं ते रडणंही पाहिलं असणार.

भरलेल्या बाटल्या पातेल्यात बुडवून दहा मिनिटं उकळल्या आणि टॉवेलावर ओळीनं ठेवल्या. "आता हात लावू नका. निवताना झाकण आत ओढलं जाऊन टक्‌ वाजलं, की सील झालं."

आम्ही ओट्याशी श्वास रोखून उभे. टक्‌. बऱ्याच वेळानं दुसरं टक्‌. तिसरी बाटली हटून बसली. आईनं देवापुढं दिवा लावला. अखेर टक्‌!

"झालं गं, तिसरंही झालं!" मी ओरडलो. "तिन्ही सुखरूप!"

दारात शेजारच्या मावशी उभ्या होत्या, हातात डिंकाच्या लाडवांचा डबा. त्यांनी चौकट घट्ट धरली.

"ओ माय वं," त्या म्हणाल्या, "तीन?"