‘अर्ज दिला की मुलगा २४ तासांत घराबाहेर’: त्या मेसेजमधलं खरं किती?

ज्येष्ठांच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज जोरात फिरतोय. आई-वडिलांनी पोलीस ठाण्यात साधा अर्ज द्यायचा, २४ तासांत मुलगा-सून बाहेर, त्यांच्या नावे केलेली जमीन आपोआप परत आणि दारात कायमचा पोलीस. त्यावर विसंबून ठाण्यात गेलेली माणसं हात हलवत परत येतात, म्हणून एकेक दावा तपासू.

‘पोलीस घराबाहेर काढतात.’ नाही काढत. २००७ च्या ज्येष्ठ नागरिक कायद्याखालचा अर्ज न्यायाधिकरणाकडे, म्हणजे प्रांताधिकाऱ्यांकडे जातो. कोल्हापूर जिल्ह्यात करवीरकराने करवीर प्रांताकडे जायचं, गडहिंग्लजकराने गडहिंग्लजला. घर खाली करण्याचा आदेश तिथून निघाला, तर तो बजावताना पोलीस बंदोबस्त मिळतो. २४ तासांचं तर नावच नको: नुसत्या पोटगीच्या अर्जालाही कायद्याने नोटिशीपासून ९० दिवस दिलेत. त्यात घरात सून असली की गुंता वाढतो. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये एस. वनिता प्रकरणात सांगितलंय की कौटुंबिक हिंसाचार कायद्यातला सुनेचा निवासाचा हक्क या झटपट मार्गाने डावलता येत नाही.

‘अर्ज साधा असला तरी चालतो.’ खरी गोची इथेच होते. चार पानं वाटणीचा इतिहास, आजोबांपासूनचे फेरफार, आणि मारहाण शेवटच्या ओळीत! असा कागद पाहून ठाणे अंमलदार ‘बाब दिवाणी स्वरूपाची’ असा शेरा मारतो, आणि त्या कागदापुरतं त्याचं फारसं चुकतही नाही. ठाण्यात द्यायचा अर्ज एका पानाचा हवा: कोणी, कधी, कुठे, काय केलं, कोणी पाहिलं. जमिनीला एक ओळ पुरे. शिवीगाळ, चापट, साधी धमकी एवढंच असेल तर अदखलपात्र नोंद, म्हणजे एनसी होते, आणि दंडाधिकाऱ्यांच्या आदेशाशिवाय तिचा तपास होत नाही. पण खोलीत कोंडणं, वाट अडवणं, हाड मोडणं हे दखलपात्र गुन्हे आहेत. तिथे एफआयआर घ्यावीच लागते. मार लागला असेल तर त्याच दिवशी सीपीआरला, म्हणजे कोल्हापूरच्या सरकारी रुग्णालयात, तपासणी करून घ्या. वळ थांबून राहत नाहीत. ठाण्याने एफआयआर नाकारली तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३(४) नुसार पोलीस अधीक्षकांना लेखी तक्रार टपालाने पाठवा.

एनसी वारंवार होत असतील तर सगळ्यांच्या प्रती जोडून त्याच संहितेच्या कलम १२६ खाली कारवाई मागा. कार्यकारी दंडाधिकारी मुलाकडून एक वर्षापर्यंत शांतता राखण्याचं बंधपत्र घेऊ शकतात. मेसेजमध्ये याचा उल्लेखही नाही, पण धाक बसतो तो याच कागदाने.

‘जमीन आपोआप परत.’ ज्येष्ठ नागरिक कायद्याचं कलम २३ तेवढं सोपं नाही. जमिनीचं हस्तांतरण हा कायदा लागू झाल्यानंतरचं हवं, सांभाळ करण्याची अट हवी आणि ती मोडलेली दिसली पाहिजे. अटच नसेल तर हे कलम लागत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२२ मध्ये सुदेश छिकारा प्रकरणात म्हटलं. जानेवारी २०२५ च्या उर्मिला दीक्षित निकालात मात्र कायद्याचा अर्थ उदारपणे लावून आईला ताबाही परत दिला. तिथे मुलाने लिहून दिलेलं वचनपत्र कामी आलं. म्हणून बक्षीसपत्र करतानाच ‘सांभाळ न केल्यास रद्द’ हे त्यात लिहून घ्या. वडिलोपार्जित जमिनीत मुलाला जन्मतःच हिस्सा असतो. ते हिस्से प्रांत ठरवत नाहीत, त्यासाठी दिवाणी न्यायालय. फेरफार अजून मंजूर झाला नसेल तर तलाठ्याच्या नोटिशीपासून १५ दिवसांत हरकत नोंदवा.

‘दारात कायमचा पोलीस.’ तसं काही मिळत नाही. तातडीला ११२. १४५६७ ही ज्येष्ठांची हेल्पलाइन सल्ला आणि मदतीसाठी आहे, तिथून पोलिसांची गाडी येत नाही.

आणि प्रांताकडे अर्ज नुसताच पडून राहिला, तर उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते. त्यासाठी आता मुंबई गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून सर्किट बेंच कोल्हापुरातच बसतं.