बेरोजगारी भत्त्याचा मेसेज वाचून राजीनामा देऊ नका

व्हॉट्सॲपवर फिरणारा एक मेसेज माझ्या भाच्यापर्यंत पोचला. त्याने तो मला पाठवला आणि खाली एवढंच लिहिलं, "मावशी, राजीनामा दिला तरी भत्ता मिळतोच ना?" तो चाकणला एका कंत्राटदारामार्फत कंपनीत लागला आहे. ऑर्डर कमी झाल्या म्हणून सुपरवायझरने त्याच्या शिफ्टमधल्या पोरांकडून राजीनामे लिहून मागितलेत. मेसेजच्या भरवशावर तो सही करून मोकळा होणार होता. पगारपत्रकं काढणं आणि ईएसआयची, म्हणजे कर्मचारी राज्य विम्याची, चलनं भरणं हे माझं रोजचं काम आहे, त्यामुळे हा मेसेज वाचून माझं डोकंच फिरलं.

मेसेज थोडक्यात असा: "महाराष्ट्र सरकार 18 ते 35 वयाच्या प्रत्येक बेरोजगाराला दरमहा 5000 रुपये भत्ता देणार. बारावी पास पुरे. कंपनीने राजीनामा मागितला तर भांडू नका, देऊन टाका, भत्ता लगेच सुरू. ईएसआय फक्त आजारपणासाठी असतं, नोकरी गेली की संपलं. सरकारी ऑफिसात खेटे घालू नका, खालच्या लिंकवर 250 रुपये भरून नोंदणी करा. 3 दिवसांत लिंक बंद."

"प्रत्येक बेरोजगाराला दरमहा 5000"

महाराष्ट्रात अशी योजना नाही. 2024 च्या विधानसभा निवडणुकीत महाविकास आघाडीने बेरोजगार तरुणांना 4000 रुपयांपर्यंत भत्त्याचं आश्वासन दिलं होतं. निवडणूक महायुतीने जिंकली आणि ते आश्वासन तिथेच राहिलं. 'प्रधानमंत्री बेरोजगारी भत्ता' या नावाने फिरणारे असेच मेसेज केंद्र सरकारच्या पीआयबी या माहिती कार्यालयाच्या फॅक्ट चेकने खोटे असल्याचं जाहीर केलंय. तरी दर काही महिन्यांनी रक्कम आणि सरकारचं नाव बदलून तोच मजकूर परत येतो.

यातलं अर्धंमुर्धं खरं काय, तेही सांगते. 2024 मध्ये मुख्यमंत्री युवा कार्यप्रशिक्षण योजना सुरू झाली, लोक तिला 'लाडका भाऊ' म्हणतात. बारावी झालेल्यांना 6000, आयटीआय किंवा डिप्लोमावाल्यांना 8000 आणि पदवीधरांना 10000 रुपये महिना. वयाची अट 18 ते 35 च आहे, मेसेजवाल्याने ती बहुतेक तिथूनच उचलली. पण ते विद्यावेतन आहे. एखाद्या आस्थापनेत रुजू व्हावं लागतं, हजेरी लागते, आणि मुदत आधी 6 महिने होती, नंतर 5 महिन्यांनी वाढवली. नोकरी गेली म्हणून घरबसल्या खात्यात येणारे हे पैसे नव्हेत.

दुसरं अर्धसत्य इतर राज्यांचं. कर्नाटकात युवा निधी आहे: पदवीधरांना 3000, डिप्लोमावाल्यांना 1500, जास्तीत जास्त 2 वर्षं. बेळगाव, खानापूर, निपाणीकडची जी मुलं कर्नाटकची रहिवासी आहेत, 2022-23 किंवा त्यानंतर पास झालीत आणि 6 महिने होऊनही बेकार आहेत, त्यांनी सेवा सिंधू पोर्टलवर जरूर अर्ज करावा. राजस्थानातही भत्ता आहे, पण पदवीधरांना, आणि त्यासाठी रोज 4 तासांची इंटर्नशिप करावी लागते. बारावीवर सरसकट भत्ता यांपैकी कुठेच नाही.

"राजीनामा मागितला तर देऊन टाका"

बाकी सगळं सोडा, मला या एका वाक्याचा संताप आहे. ज्याने कुणी ते लिहिलं त्याने कामगाराच्या हातातला होता नव्हता तो कागद काढून घेतलाय.

काम संपलं म्हणून मालकाने कमी केलं तर ती छाटणी. तुम्ही लिहून दिलंत तर तो राजीनामा. कंपनीच्या गेटबाहेर दोन्ही माणसं सारखीच बेकार दिसतात, पण कायद्याच्या लेखी त्यांच्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे. वर्षभर सलग काम केलेल्या कामगाराची छाटणी करायची तर एक महिन्याची नोटीस किंवा तेवढा पगार, शिवाय पूर्ण झालेल्या दर वर्षामागे 15 दिवसांचा पगार भरपाई म्हणून द्यावा लागतो. राजीनामा दिलात की यातला रुपयाही मागता येत नाही. कंत्राटदाराला राजीनामा हवा असतो तो यासाठीच. 'पुढच्या ऑर्डरला परत घेतो' असं गोड बोलतात, ते कागदावर कुणी लिहून देत नाही.

आता ईएसआयचं बघा. राजीव गांधी श्रमिक कल्याण योजना 1 एप्रिल 2005 पासून आहे. औद्योगिक कायद्याखाली छाटणी झाली, कारखाना बंद पडला, किंवा कामाबाहेरच्या अपघाताने किमान 40 टक्के कायमचं अपंगत्व येऊन नोकरी गेली, आणि 2 वर्षं वर्गणी भरलेली असेल, तर पहिले 12 महिने सरासरी पगाराच्या 50 टक्के आणि पुढचे 12 महिने 25 टक्के भत्ता मिळतो. 18000 पगाराच्या माणसाला पहिल्या वर्षी महिना साधारण 9000, दुसऱ्या वर्षी साधारण 4500. दोन वर्षांचे मिळून दीड लाखाच्या वर जातात. छाटणीचा कागद असेल तर यावर हक्क सांगता येतो, राजीनाम्यावर नाही.

दुसरी, अटल बीमित व्यक्ती कल्याण योजना. तिच्याबद्दल खाली सविस्तर लिहिते, पण तिच्या अपात्रतेच्या यादीतही स्वतःहून नोकरी सोडणं, स्वेच्छानिवृत्ती आणि शिस्तभंगावरून झालेली बडतर्फी आहे. म्हणजे मेसेज ज्या भत्त्याचं आमिष दाखवतो तो मुळात नाहीच, आणि खरे जे दोन आहेत त्यांचं दार हाच मेसेज बंद करायला सांगतो.

सहसा बाहेर न येणारी एक गोष्ट सांगते. दर महिन्याला मालक किंवा कंत्राटदार ईएसआयच्या पोर्टलवर वर्गणीची एक्सेल शीट चढवतो. एखाद्या कामगाराचे दिवस शून्य असतील तर पुढच्या रकान्यात कारणाचा आकडा टाकायचा असतो. 2 म्हणजे नोकरी सोडली. 10 म्हणजे छाटणी. 1 म्हणजे रजेवर. 2 किंवा 10 टाकला की शेवटच्या कामाची तारीखही भरावी लागते. तो आकडा टाकणारी माझ्यासारखीच कुणीतरी असते आणि तिच्यासमोर जो कागद येतो त्याप्रमाणे ती टाकते. तुमचा राजीनामा आला तर 2 पडणार. म्हणून आपल्या नावापुढे काय पडलंय ते विचारा. कामावरून कमी करताय तर तसं लेखी द्या, असा साधा अर्ज स्वतःच्या अक्षरात लिहा, दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. पोच देत नसतील तर रजिस्टर पोस्टाने पाठवा. जबरदस्तीने सही घेतली असेल तर गप्प बसू नका, लगेच कामगार आयुक्त कार्यालयात लेखी तक्रार द्या. सहा महिन्यांनी सांगितलेल्या जबरदस्तीवर कोण विश्वास ठेवणार?

"ईएसआय फक्त आजारपणासाठी"

पगाराची स्लिप काढा. 18000 पगार असेल तर कपातीत ईएसआयपुढे 135 दिसेल. तुमचे 0.75 टक्के. मालक 3.25 टक्के भरतो, ते 585. दर महिन्याला 720 रुपये तुमच्या विमा क्रमांकावर जमा होतात, आणि त्या विम्यात बेकारीही येते.

अटल बीमित योजना 1 जुलै 2018 ला सुरू झाली. आधी सरासरी कमाईच्या 25 टक्के मिळायचे, कोविडच्या काळात ते 50 टक्के झाले. नोकरी गेल्यावर दावा करण्याआधी थांबण्याची मुदतही 90 दिवसांवरून 30 वर आली. नोकरी जाण्याआधी किमान 2 वर्षं विमा असलेल्या नोकरीत असावं लागतं. लगेच आधीच्या सहामाहीत निदान 78 दिवसांची वर्गणी हवी, आणि त्या 2 वर्षांतल्या उरलेल्या तीन सहामाहींपैकी एकीत तरी 78 दिवसांची. ईएसआयची सहामाही एप्रिल ते सप्टेंबर आणि ऑक्टोबर ते मार्च अशी धरतात.

हिशेब असा. चार सहामाहींची एकूण कमाई भागिले 730, त्याचे निम्मे, गुणिले जास्तीत जास्त 90 दिवस. 18000 च्या पगारावर 2 वर्षांचे 4,32,000 होतात. रोजचे साधारण 592, निम्मे 296. नव्वद दिवसांचे सुमारे 26,600 रुपये. हा लाभ आयुष्यात एकदाच मिळतो, आणि ईएसआय 21000 पर्यंतच्या पगाराला लागू असतं, हेही स्पष्ट सांगते. रक्कम मोठी नाही, मान्य. पण खोलीचं भाडं आणि गावाकडचा हप्ता तीन महिने निघतो, आणि हे पैसे तुमच्याच कपातीतून आलेले आहेत.

हे इतक्या कमी लोकांना माहीत आहे याचं मला फार वाईट वाटतं. माझ्यासमोरून हिशेब घेऊन गेलेल्या कितीतरी जणांनी 'ईएसआय कार्डाचं आता काय काम' म्हणून ते टाकून दिलंय.

"सरकारी ऑफिसात खेटे घालू नका"

खेटे घालावे लागतात, हे नाइलाजाने कबूल करते. पण निम्मे खेटे चुकीच्या दारात जातात. लोक ईएसआयच्या दवाखान्यात जाऊन विचारतात, तिथे अर्थातच 'आमच्याकडे नाही' असं उत्तर मिळतं. काही जण जिल्ह्याच्या कौशल्य विकास व रोजगार केंद्रात जातात, म्हणजे जुन्या एम्प्लॉयमेंट एक्स्चेंजमध्ये. तिथे नोकरीसाठी नाव नोंदवतात, भत्ता देत नाहीत. तुम्हाला हवं ते ईएसआयसीचं, म्हणजे ईएसआय चालवणाऱ्या महामंडळाचं, शाखा कार्यालय.

अटलचा दावा ऑनलाइन करता येतो, तोही स्वतःच्या विमा क्रमांकाने, ईएसआयसीच्या पोर्टलवरच्या विमाधारकाच्या लॉगिनमधून. मालकाकडून फॉर्म पुढे पाठवायची गरज नाही, पैसे थेट खात्यात येतात. घोडं अडतं ते बारीकसारीक गोष्टींवर. आधारवर 'ज्ञानेश्वर' आणि ईएसआयमध्ये 'माऊली' लिहिलेलं असतं, जन्मतारखेत फरक असतो, बँक विलीन झाल्यावर बँकेचा जुना आयएफएससी कोड तसाच राहिलेला असतो. देना बँकेची खाती 2019 मध्ये बँक ऑफ बडोदात गेली, त्या लोकांनी पासबुक नीट तपासावं. शाखा कार्यालयात जाताना आधार, पासबुक, ई-पेहचान कार्ड (ईएसआयचं ओळखपत्र) आणि शेवटच्या पगाराच्या स्लिपा सोबत न्या. या दुरुस्त्या नोकरीत असतानाच करून घेतल्या तर उत्तम, कारण नंतर कंत्राटदार फोन उचलत नाही.

"250 रुपये भरा, 3 दिवसांत लिंक बंद"

महास्वयम या राज्य सरकारच्या रोजगार पोर्टलवर नोंदणी फुकट आहे. ईएसआयचा दावा फुकट आहे. पैसे मागणारी लिंक चोराची, यावर जास्त बोलायची गरज नाही. लिंक उघडून आधार, खातं किंवा ओटीपी दिला असेल तर आत्ता 1930 या सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनवर फोन करा आणि बँकेला कळवा.

तीन दिवसांची घाईही खोटी. अटलचा दावाच मुळी नोकरी गेल्यानंतर 30 दिवसांनी करायचा असतो. मात्र ही योजना मुदतीची आहे, महामंडळ तिला वेळोवेळी मुदतवाढ देतं. तुमची नोकरी ज्या तारखेला गेली त्या तारखेला ती लागू होती का, हे शाखा कार्यालयात किंवा 1800-11-2526 या ईएसआयसीच्या फुकट नंबरवर विचारा. विमा क्रमांक हाताशी ठेवून फोन करा, आणि शेवटच्या महिन्यात तुमच्या नावापुढे कारणाचा कोणता आकडा पडलाय, तेही त्याच फोनमध्ये विचारून घ्या.