कढीपत्त्यावरच्या अळ्या मारू नका प्लीज

काल सोसायटीतल्या कढीपत्त्यावर फवारणी झाली. सकाळी मी त्याच झाडावर पाच अळ्या मोजल्या होत्या, पक्ष्याची शीट पडावी तशा दिसणाऱ्या, हात लावला की डोक्यामागून नारिंगी शिंगं काढतात आणि उग्र वास सोडतात. संध्याकाळी सगळ्या खाली पडलेल्या. लाइम बटरफ्लायच्या होत्या त्या. आणि याच सोसायटीने गेल्या महिन्यात "फुलपाखरं यावीत" म्हणून रंगीत फुलांच्या कुंड्या आणल्यात!

अहो, फुलांवर फुलपाखरू फक्त मध प्यायला येतं, अंडी घालायला त्याला ठरावीकच झाड लागतं. कढीपत्ता, लिंबू, बेल. टाकळा. रस्त्याकडेची रुई. आंब्यावरचं बांडगूळ आपण काढून टाकतो ना, त्यावर हळदीकुंकू नावाचं फुलपाखरू वाढतं, नाव किती सुंदर आणि दिसतंही अगदी तसंच, पिवळं-लाल. २०१५ साली महाराष्ट्राने राज्य फुलपाखरू जाहीर केलं, देशात पहिल्यांदा, ती ब्लू मॉर्मन म्हणजे राणी पाकोळी, तिची अळीसुद्धा लिंबाच्याच जातीची पानं खाते. मग अळी मारून राणी कुठून येणार?

नाशिकला इंदिरानगरमध्ये आमच्या मागे रिकामा प्लॉट होता, रुई नुसती माजलेली. तिथेच मी बिबळा कडवा हे फुलपाखरू ओळखायला शिकले. केशरी पंख, टोकाला काळं-पांढरं, मागच्या पंखाच्या मधोमध तीन-चार काळे ठिपके. अळी असताना रुईचा चीक खाऊन तो कडू होतो, पक्षी त्याच्या वाटेला जात नाहीत. आणि छोटा चांदवा या दुसऱ्या फुलपाखराची मादी हुबेहूब त्याच्यासारखीच दिसते, तिच्यात ते मधले ठिपके नसतात एवढाच फरक, मला ते कळायला दोन पावसाळे गेले. तिच्या अळ्या घोळीवर वाढतात, तीच आपली भाजीची घोळ, जी आपण तण म्हणून उपटतो. दिवाळीनंतर जेसीबी आला, दोन तासांत प्लॉट साफ. लोक म्हणाले, बरं झालं, घाण गेली. मला त्या दिवशी जेवण गेलं नाही.

पांडवलेणी, अंजनेरीला जाऊन फुलपाखरांचे फोटो काढणारे आपण खूप जण आहोत, छानच आहे ते, पण घराखालची रुई तोडताना कुणीतरी बोला ना. कढीपत्त्याची चार पानं कुरतडलेली असली तर असू देत, फोडणीला उरतात तेवढी पुरतात.

कुंपणापलीकडे रुईचं एक झाड वाचलंय. आज त्यावर काळ्या-पिवळ्या पट्ट्यांच्या सात अळ्या आहेत. मंगळवारी माळीदादा तण काढायला येणारेत, मी सकाळीच खाली जाऊन त्या झाडापाशी उभी राहणार आहे, आसपास कुणी राहत असाल तर या.