नाट्यगृह उभे राहील, पण नाटक बसवायचे कुठे?

संगीतसूर्य केशवराव भोसले नाट्यगृहाला ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री, म्हणजे केशवरावांच्या जयंतीच्या आदल्या रात्री, आग लागली आणि तेव्हापासून कोल्हापुरात चर्चा आहे ती वास्तूची. राजर्षी शाहू महाराजांनी १९१५ मध्ये पॅलेस थिएटर म्हणून सुरू केलेले हे नाट्यगृह होते तसेच पुन्हा उभे राहावे, हा आग्रह बार्सिलोनात राहणाऱ्या माझ्यासारख्या कोल्हापूरकरालाही मनापासून पटतो. माझी तक्रार एवढीच, की छप्पर, खुर्च्या आणि दगडी भिंती यांवर जेवढे बोलले जाते, त्याच्या दशांशानेही तिथे नाटक बसवणाऱ्या माणसांविषयी बोलले जात नाही.

अ‍ॅलन मिलर यांचा ‘द टुरानडॉट प्रोजेक्ट’ हा माहितीपट पुन्हा पाहताना ही तक्रार अधिकच टोचू लागली. इटालियन संगीतकार पुचिनीच्या ‘टुरानडॉट’ या ऑपेरात, म्हणजे गाण्यांतूनच उलगडणाऱ्या नाटकात, एका चिनी राजकन्येची कथा आहे. १९९८ मध्ये तो खुद्द बीजिंगमध्ये, चिनी सम्राटांच्या राजवाड्याला लागून असलेल्या पूर्वजमंदिराच्या प्रांगणात कसा उभा राहिला, त्याची ही हकिगत. संगीत संचालन मुंबईत जन्मलेल्या झुबिन मेहतांचे, वाद्यवृंद फ्लॉरेन्सचा, दिग्दर्शक चित्रपटांतून आलेले झांग यीमोउ, गायक देशोदेशीचे आणि रंगमंचावरच्या गर्दीसाठी चिनी सैनिक, असा हा सगळा संसार आहे.

त्यात मला सर्वांत मोलाचा वाटतो तो प्रकाशयोजनेवरचा वाद. झांग यांना रंगमंच लख्ख हवा, कारण भरजरी पोशाखांचे रंग शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचले पाहिजेत. इटालियन प्रकाशयोजनाकार गुइदो लेवी यांना अंधार हवा, कारण त्यांच्या मते नाट्य सावलीतच रंगते. दोघेही हट्टी आहेत आणि आपापल्या जागी बरोबरही आहेत. पण असे भांडायला त्यांच्याजवळ प्रत्यक्ष रंगमंच आहे, टांगलेले दिवे आहेत आणि प्रयोगाआधीचे दिवस आहेत. आपल्या हौशी मंडळींना यातले काय मिळते? नोकरी सांभाळून रात्री एखाद्या शाळेच्या वर्गात बाके भिंतीला लावून तालमी करायच्या, आणि राज्य नाट्य स्पर्धेसाठी खरा रंगमंच पाहायचा तो बहुधा प्रयोगाच्या दिवशीच. दिवे लावणारा बिचारा तिसरी घंटा होत आली तरी शिडीवरच असतो. त्याने कुणाशी आणि कधी वाद घालायचा?

बार्सिलोनाचे लिसेउ हे ऑपेरागृह ३१ जानेवारी १९९४ रोजी जळाले, तेही आगीपासून संरक्षण देणाऱ्या लोखंडी पडद्याची दुरुस्ती करताना उडालेल्या ठिणग्यांनी. ऑक्टोबर १९९९ मध्ये ते पुन्हा उघडले आणि पहिला प्रयोग झाला तो ‘टुरानडॉट’चाच. प्रेक्षागृहाचे जुने रूप राखले गेले, मात्र पडद्यामागचा भाग प्रशस्त आणि आधुनिक झाला. त्याहून मोठा बदल कागदावर झाला: खासगी भागधारकांच्या मालकीचे हे नाट्यगृह सार्वजनिक प्रतिष्ठानाकडे आले. व्हेनिसमध्ये १९९६ साली जळालेले ‘ला फेनिचे’ उघडायला २००३ उजाडले; पण तोवर तिथला वाद्यवृंद आणि गायकवृंद एका मोठ्या तंबूत कार्यक्रम करीत राहिला. तिथे इमारत जळाली तरी संस्था शाबूत होती.

इकडचे सगळेच सोन्याचे आहे, असे मात्र मी म्हणणार नाही. हा सारा डोलारा सरकारी अनुदानावर उभा आहे, चांगल्या जागेचे तिकीट खिशाला चांगलेच जाणवते आणि लिसेउच्या वरच्या मजल्यावरील काही स्वस्त जागांवरून तर अर्धा रंगमंचच दिसत नाही. मध्ये खांब नसलेल्या केशवराव नाट्यगृहात वाढलेल्या माणसाला त्याचा राग आल्याशिवाय राहत नाही.

शिवाय मी सांगतो आहे ती गोष्ट कोल्हापूरला परदेशातून शिकण्याची गरजच नाही. नाट्यगृहाला खेटून असलेले खासबाग मैदान शाहू महाराजांनीच बांधले, पण केवळ मैदान बांधून कुस्ती वाढेल असे त्यांनी कधी मानले नाही. मल्लांना आश्रय दिला, त्यांच्या खुराकाची सोय केली आणि गावोगावच्या तालमींना बळ दिले. गाण्याच्या बाबतीतही अल्लादिया खाँसाहेबांना दरबारात मानाने ठेवून घेतले, म्हणून जयपूर-अत्रौली गायकी इथे रुजली. वास्तू आणि माणूस यांचा खर्च त्यांनी एकाच हिशेबात धरला होता.

म्हणून नव्या नाट्यगृहात तालमीसाठी स्वतंत्र दालन असेल का, रंगीत तालमीला सवलतीच्या दरात रंगमंच मिळेल का, प्रकाश आणि ध्वनीसाठी प्रशिक्षित कायमस्वरूपी माणसे नेमली जातील का, आणि लग्नसराईत किंवा सभा-मेळाव्यांच्या हंगामात तारखांवर पहिला हक्क नाटकाचा राहील का, हे प्रश्न नाट्यकर्मींनी महापालिकेला आत्ताच लेखी विचारावेत आणि उत्तरही लेखीच घ्यावे. उद्घाटनाच्या भाषणांत हे विषय निघणार नाहीत.